सामायिक भांडी

‘लायब्ररी’ हा शब्द आपल्या घरांना परका नाही. कन्नड मुलखात पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या मराठी कुटुंबांनी जेथे जेथे बस्तान बसविले, तेथे देवळाच्या खालोखाल वाचनालयाची सोय पाहिली. त्यामुळे संगणकाच्या पोटातही लायब्ररी असते, आणि ती एक नसून शेकड्यांनी असतात, हे ऐकल्यावर मराठी शाळेत उभे आयुष्य घालविलेल्या माझ्यासारख्या माणसाचे कुतूहल जागे झाले, यात नवल नाही. कपाटे, पुठ्ठ्यांवर डकविलेले क्रमांक, वर्गणीची वही असे काहीसे चित्र मनात आले. पण या लायब्रऱ्या माणसांनी वाचण्यासाठी नसतात. त्या प्रोग्रामनी वापरण्यासाठी असतात, आणि त्यांची खरी ओळख मला वाचनालयाच्या उपमेने झाली नाही. ती झाली देवळातल्या भांड्यांच्या उपमेने.

आपल्याकडील बहुतेक खेड्यांत देवळाच्या मालकीची मोठी भांडी असतात. शंभर पानांचा भात शिजेल असे तपेले, पाण्याचे हंडे, पराती, झारे, पळ्या, पंगतीच्या पट्ट्या. लग्न, मुंज, बारसे, श्राद्ध, ज्याच्या घरी जे कार्य असेल त्याने ती न्यावीत, घासून-पुसून परत आणून ठेवावीत. एवढे मोठे तपेले प्रत्येक घराने विकत घ्यायचे ठरविले, तर पैसा जाईल, जागा अडेल आणि वर्षातले तीनशे साठ दिवस ते माळ्यावर पालथे पडून राहील. म्हणून गावाने ते एकदाच घेतले आणि सर्वांचे म्हणून ठेवले.

संगणकाची कार्यप्रणाली, म्हणजे विंडोज, लिनक्स यांसारखी व्यवस्था, नेमके हेच करते. पडद्यावर चौकट काढणे, फाईल उघडणे, छपाईयंत्राला मजकूर पाठविणे, अक्षरे मांडणे ही कामे पत्र लिहिण्याच्या प्रोग्रामला लागतात, हिशेबाच्या प्रोग्रामला लागतात आणि चित्रे पाहण्याच्या प्रोग्रामलाही लागतात. प्रत्येकाने ती कामे करण्याची कृती आपापल्या पोटात बाळगली, तर एकच मजकूर शंभर ठिकाणी साठेल. म्हणून त्या कृती वेगळ्या फायलींत लिहून एका ठिकाणी ठेवल्या जातात. विंडोजमध्ये अशा फाईलच्या नावाला ‘डीएलएल’ हे शेपूट असते. ‘डायनॅमिक लिंक लायब्ररी’ या शब्दांची ती आद्याक्षरे, म्हणजे प्रोग्राम चालताना आयत्या वेळी जोडली जाणारी लायब्ररी. लिनक्समध्ये त्याच जातीच्या फायलींना ‘एसओ’ म्हणजे ‘शेअर्ड ऑब्जेक्ट’ म्हणतात. नावे निराळी, मूळ कल्पना एकच.

ही जोडणी कशी होते तेही पाहण्यासारखे आहे. प्रत्येक प्रोग्रामच्या आरंभी एक यादी असते. मला अमुक लायब्ररीतील अमुक कृती लागेल, तमुक लायब्ररीतील तमुक कृती लागेल, असे तीत लिहिलेले असते. आपण प्रोग्राम उघडला की कार्यप्रणाली ती यादी वाचते आणि एकेक लायब्ररी शोधू लागते. विंडोजमध्ये साधारणपणे आधी प्रोग्रामच्या स्वतःच्या फोल्डरात पाहिले जाते, मग प्रणालीच्या सामायिक फोल्डरात. सगळ्या सापडल्या की प्रोग्राम सुरू होतो. एखादी जरी सापडली नाही, तरी पडद्यावर सूचना येते की अमुक फाईल या संगणकावर नसल्यामुळे प्रोग्राम सुरू करता येत नाही. पुष्कळांना वाटते की प्रोग्रामच बिघडला. वास्तविक प्रोग्राम धडधाकट असतो. आचारी दारात येऊन उभा आहे आणि तपेले मात्र जागेवर नाही, अशी ती अवस्था असते.

उपमेला एक मर्यादा आहे, ती सांगितलीच पाहिजे. देवळातले तपेले एका वेळी एकाच घरी जाऊ शकते. संगणकात तसे नसते. एक लायब्ररी स्मृतीत एकदाच आणली जाते आणि दहा प्रोग्राम एकाच वेळी ती वापरतात. तरीही एकाचा मजकूर दुसऱ्यात मिसळत नाही, कारण कृती सामायिक असली तरी प्रत्येक प्रोग्रामची सामग्री वेगळी ठेवली जाते. एकच तपेले दहा घरांच्या चुलींवर एकाच वेळी चढावे आणि प्रत्येकाला आपापलाच भात मिळावा, असा हा चमत्कार आहे. त्यामुळे डिस्कवरची जागा वाचते, तशी चालू कामाची स्मृतीही वाचते. ज्या काळी संगणकाची स्मृती आजच्या मानाने मूठभर होती, त्या काळी या काटकसरीचे मोल फार होते.

कल्पना तशी जुनी. एकोणीसशे साठच्या दशकात अमेरिकेतील एमआयटी या संस्थेने जनरल इलेक्ट्रिक आणि बेल लॅब्ज यांच्या सहकार्याने ‘मल्टिक्स’ नावाची कार्यप्रणाली उभी करावयास घेतली. तीत लागेल तेव्हाच जोडून घेण्याची ही सोय होती. १९८५ साली बाजारात आलेल्या विंडोजच्या पहिल्या आवृत्तीचा डोलारा तर अशाच सामायिक फायलींवर उभा होता. स्मृती आणि कामांची व्यवस्था एकीकडे, चौकटी आणि कळफलक दुसरीकडे, रेषा आणि अक्षरे काढणे तिसरीकडे, अशी ती वाटणी होती. त्या वाटणीच्या खुणा आजच्या विंडोजमध्येही नावांसह सापडतात.

नावांचा विषय निघालाच आहे, तर एक गंमत नोंदवितो. विंडोजच्या सामायिक फायलींच्या फोल्डराचे नाव ‘सिस्टिम थर्टीटू’. बत्तीस बिटांच्या काळात पडलेले हे नाव. पुढे चौसष्ट बिटांचे संगणक आले. त्यांत या ‘थर्टीटू’ नावाच्या फोल्डरात चौसष्ट बिटांच्या लायब्रऱ्या राहतात, आणि बत्तीस बिटांच्या जुन्या लायब्रऱ्यांना ‘सिसवाऊ सिक्स्टीफोर’ नावाच्या दुसऱ्याच घरात हलविण्यात आले आहे. पाट्यांची अदलाबदल झाल्यासारखे हे दिसते, पण त्यामागे कारण आहे. असंख्य प्रोग्रामांत जुन्या फोल्डराचे नाव जसेच्या तसे लिहिलेले होते. ते बदलले असते, तर ते प्रोग्राम आपले घर शोधत फिरले असते. आम्हा जोयडा तालुक्यातील लोकांना हे समजावून सांगावे लागत नाही. काळी नदीवर गणेशगुडी येथे धरण झाले, ऐंशीच्या दशकात जलाशय भरला, जुने सुपे गाव पाण्याखाली गेले आणि तालुक्याचे ठाणे जोयड्यास आले. तरी जुनी माणसे अजून ‘सुपा तालुका’ असेच म्हणतात. ज्या नावाला पुष्कळांचे व्यवहार बांधलेले असतात, ते नाव सहजासहजी बदलत नाही.

सामायिक वस्तू म्हटली की सामायिक वस्तूची भांडणेही आली. समजा, एका घरी कार्य निघाले. यजमान हौशी. देवळातले जुने तपेले त्यांना लहान वाटले, म्हणून त्यांनी त्याच्या जागी नवे, रुंद तळाचे आणून ठेवले. हेतू चांगला. पण दुसऱ्या घरची वायन जुन्या तपेल्याच्या मापाने बांधलेली. नवे तपेले तिच्यावर बसेना. त्या घरी काहीच बदललेले नव्हते आणि तरीही स्वयंपाक अडला. नव्वदच्या दशकात विंडोजवर हे रोज घडत होते. नवा प्रोग्राम बसविताना तो आपल्या सोबत एखाद्या लायब्ररीची निराळी आवृत्ती आणी आणि सामायिक फोल्डरातल्या फाईलवर ती लिहून टाकी. कधी जुनीवर नवी बसे, कधी नवीवर जुनी. नवा प्रोग्राम झकास चाले, आणि काल-परवापर्यंत चालणारा दुसराच कोणी तरी बंद पडे. संगणकाचे जाणकार या दुःखाला ‘डीएलएल हेल’, म्हणजे डीएलएलचा नरक, म्हणत.

प्रोग्राम काढून टाकतानाही पंचाईत असे. ‘ही सामायिक फाईल आता कोणीही वापरीत नसावे, काढून टाकू का?’ असा प्रश्न पडद्यावर येई. एखादी लायब्ररी किती प्रोग्रामांनी आपली म्हणून नोंदविली आहे, याचा आकडा विंडोज आपल्या नोंदवहीत ठेवीत असते. प्रोग्राम बसला की आकडा एकाने वाढतो, गेला की एकाने घटतो. पण नोंद न करताच भांडे नेणारे लोक गावात असतात, तसे नोंद न करणारे प्रोग्रामही असतात. वहीत शून्य दिसले म्हणून भांडे मोडीत काढावे, आणि दुसऱ्या दिवशी कोणी तरी ते मागावयास यावे, असे होई.

यावर उपाय निघाले, आणि ते कसे निघाले हे पाहिले म्हणजे सामायिक व्यवस्था शहाणी कशी होते ते कळते. २००० सालच्या विंडोजने कळीच्या प्रणाली-फायलींवर पहारा बसविला. कोणी अशी फाईल बदलली, तर राखून ठेवलेल्या प्रतीवरून मूळची फाईल परत जागेवर ठेवली जाई. २००१ सालच्या विंडोज एक्सपीने आणखी पुढे जाऊन एकाच लायब्ररीच्या अनेक आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवण्याची सोय केली. ज्या प्रोग्रामला जी आवृत्ती हवी, ती त्याने घ्यावी. लिनक्सच्या जगात लायब्ररीच्या नावातच आवृत्तीचा क्रमांक घालण्याची रीत आहे. माप बदलण्याइतका मोठा फरक झाला, तर क्रमांक बदलतो आणि जुने भांडे नव्याच्या शेजारी राहते. नुसती कल्हई केली असेल, तर क्रमांक तोच राहतो आणि सगळ्यांना आपोआप कल्हई केलेले भांडे मिळते. यामुळे जागेची थोडी काटकसर गेली, पण शेजाऱ्यांची भांडणे मिटली. दोन्हींपैकी काय निवडावे, हे कोणत्याही जाणत्या घरकर्त्यास विचारण्याची गरज नाही.

येथवरची हकीकत कोणत्याही भाषेच्या माणसाला लागू आहे. मराठी माणसाला ती अधिक लागू का आहे, ते आता सांगतो.

आमच्या घरी आजोबांच्या हातची एक वही आहे. बाजारकुणंगच्या आणि आसपासच्या वाड्या, ओढे, पायवाटा, देवराया, कोणत्या वाडीत कोणाची घरे, कोण कोठून आले, कोण कोठे गेले, असा तो तपशील. तीत आजीच्या माहेरच्या, जुन्या सुप्याकडच्या काही जागाही आहेत, ज्या आज कोणाला पायी जाऊन पाहता येणार नाहीत. पुण्यास असलेल्या माझ्या पुतण्याने ती वही संगणकावर उतरविली आणि २००६ साली तबकडीवर घालून पाठविली. आमच्याकडे तेव्हा विंडोज एक्सपीचा एक जुना, दुसऱ्यांदा विकला गेलेला संगणक होता. प्रथम पडद्यावर नुसते रिकामे चौकोन आले. पुतण्याने सोबत फाँटही दिला होता. तो बसविल्यावर चौकोन गेले, अक्षरे आली, पण ती मोडकी. पहिली वेलांटी अक्षराच्या आधी न येता मागून लोंबत होती. ‘विठ्ठल’ या शब्दातले दोन्ही ठ वेगळे पडून पहिल्याच्या पायाशी हलन्त खुणेची शेपटी लटकत होती. रफार डोक्यावर चढायला तयार नव्हता. घरातल्या लहानांना गंमत वाटली. मला मात्र आजोबांचे सुवाच्य अक्षर आठवून कसेसेच झाले.

फोनवर पुतण्याला विचारले, तेव्हा तो म्हणाला, “काका, वही नीट आहे. फाँटही नीट आहे. तुमच्याकडे अक्षरे जुळवणारे कोणी नाही.”

त्याच्या या एका वाक्याने मला सामायिक लायब्ररीचे महत्त्व जितके कळले, तितके कोणत्याही पुस्तकाने कळले नसते. युनिकोड या जागतिक लिपिसंकेतात, ज्याची पहिली आवृत्ती १९९१ साली निघाली, देवनागरी मजकूर उच्चाराच्या क्रमाने साठविला जातो. ‘कि’ लिहिताना आधी क आणि मग वेलांटी. कागदावर मात्र वेलांटी आधी दिसली पाहिजे. ‘र्’ आणि ‘म’ एकामागून एक साठविलेले असतात, पण दिसताना रफार म-च्या डोक्यावर गेला पाहिजे. फाँट म्हणजे केवळ आकृत्यांचा साठा. कोणती आकृती कोठे मांडावी, कोणती दोन अक्षरे एकत्र करून जोडाक्षराची आकृती काढावी, हे ठरविणारा एक जुळारी लागतो. जुन्या छापखान्यात खिळे जुळविणारा कंपॉझिटर असे, तसा. विंडोजमध्ये हे काम ‘युनिस्क्राइब’ नावाची सामायिक लायब्ररी करू लागली. २००० सालच्या विंडोजपासून देवनागरीची सोय तिच्या आधारे झाली. तिच्या जोडीस जो ‘मंगल’ नावाचा फाँट आला, तो र. कृ. जोशी यांनी घडविलेला. सुलेखनकार, कवी आणि मुंबईच्या आयआयटीतील अध्यापक असलेला हा मराठी माणूस २००८ साली निवर्तला. त्याने आखलेली अक्षरे मात्र नंतरही असंख्य पडद्यांवर उमटत राहिली.

परंतु एक्सपीमध्ये ही सोय आपोआप चालू होत नसे. भाषांच्या मांडणीच्या पानावर एक लहानसा चौकोन होता. जटिल लिपींसाठी लागणाऱ्या फायली बसवाव्या, अशा अर्थाचे वाक्य त्याच्यापुढे होते. तेथे खूण केली की संगणक मूळ तबकडी मागे, तीवरून जोडफायली आणि फाँट उतरवून घेई, आणि मग सर्व प्रोग्रामांत देवनागरी नीट दिसू लागे. ज्याने आम्हाला तो संगणक विकला होता, त्याने तबकडी दिलीच नव्हती. दांडेलीतल्या एका परिचितांकडून ती मिळेपर्यंत पावसाळा संपला. ज्या दिवशी ती खूण केली, त्या दिवशी वही तर जुळलीच, पण पत्र लिहिण्याचा प्रोग्राम, हिशेबाचा तक्ता, फायलींची नावे, सगळीकडे मराठी एकदम सरळ झाली. प्रत्येक प्रोग्रामला वेगळे शिकवावे लागले नाही. भांडे देवळात आले आणि सगळ्या गावाची सोय झाली.

अक्षर जुळविणारा चांगला असला पाहिजे, हे आणखी एका शब्दाने पटले. ‘दर्या’ म्हणजे समुद्र आणि ‘दऱ्या’ म्हणजे डोंगरांमधल्या खोलगट जागा. रफार आणि त्या लहानशा आडव्या पापणीसारख्या खुणेचा र, एवढाच दोहोंत फरक. ‘आचार्यांना’ बोलाविणे आणि ‘आचाऱ्यांना’ बोलाविणे यांतही तेवढाच, पण पाहुणा मात्र निराळा. ही पापणी मराठीची खास गरज आहे; हिंदीला तिचे फारसे कारण पडत नाही. युनिकोडमध्ये तिच्यासाठी नुक्त्याचा ‘ऱ’ आणि हलन्त अशी जोडी ठरलेली आहे. तो नियम लायब्ररीला ठाऊक असावा लागतो आणि ती आकृती फाँटमध्ये असावी लागते. दोहोंपैकी एक नसेल, तर दऱ्यांचे वर्णन वाचताना वाचक अडखळतो. आजोबांच्या वहीत दऱ्या पानोपानी आहेत, कारण आमचा मुलूखच दऱ्यांचा. त्यांतल्या काहींचा पुढे खरोखरच दर्या झाला, ही गोष्ट वेगळी. ती धरणाने केली. ती संगणकाने पुन्हा करू नये, एवढीच माझी इच्छा होती.

आज परिस्थिती पुष्कळ सुधारली आहे. विंडोजच्या पुढच्या आवृत्त्यांत भारतीय लिपींची सोय मुळातच असते. वेगळी खूण करावी लागत नाही. मुक्त सॉफ्टवेअरच्या बाजूस ‘हार्फबझ’ नावाची लायब्ररी हेच जुळाऱ्याचे काम करते. फायरफॉक्स, क्रोम, लिबरऑफिस आणि हातातले अँड्रॉइडचे फोन, सगळे तिचाच आधार घेतात. तिच्यात देवनागरीचा एखादा दोष कोणी दुरुस्त केला, तर ती दुरुस्ती पुण्यातल्या, बेळगावातल्या, न्यू जर्सीतल्या आणि बाजारकुणंगातल्या मराठी वाचकाला कालांतराने आपोआप मिळते. तिचे नाव कोणाला माहीत नसते. देवळातल्या तपेल्याला तरी कोठे नाव असते?

मात्र ज्या वाटेने दुरुस्ती सर्वांपर्यंत जाते, त्याच वाटेने दोषही जातो. २०१४ साली ‘ओपनएसएसएल’ या लायब्ररीत एक मोठी चूक सापडली. जगातील असंख्य संकेतस्थळांचे गुप्त व्यवहार जिच्या भरवशावर चालत, ती ही लायब्ररी, आणि तिच्यावर काम करणारी माणसे हाताच्या बोटांवर मोजण्याइतकी. मार्च २०२४ मध्ये याहून विलक्षण प्रकार उघडकीस आला. फायली दाबून लहान करणारी ‘एक्सझेड’ नावाची लायब्ररी मुख्यतः एका स्वयंसेवकाने वर्षानुवर्षे फावल्या वेळात सांभाळली होती. तिला हातभार लावण्याच्या निमित्ताने एक अनोळखी व्यक्ती आली, दोनेक वर्षे निष्ठेने काम करून तिने विश्वास मिळविला आणि मग लायब्ररीत चोरदरवाजा बसविला. तो सर्वत्र पसरण्याआधी आंद्रेस फ्रॉइंड नावाच्या अभियंत्याच्या लक्षात आला, तोही कसा, तर दूरच्या संगणकात प्रवेश करताना नेहमीपेक्षा सुमारे अर्धा सेकंद अधिक का लागतो, याचा त्याने पिच्छा पुरविला म्हणून. भांडे घासताना आवाज जरा बदसूर आला आणि बाईंनी थांबून तडा शोधला, तसे हे झाले.

येथे मला सामायिक वस्तूंबद्दलची मुख्य गोष्ट दिसते. सगळ्यांची वस्तू सगळे वापरतात, पण तिला कल्हई कोणी करावी हे ठरलेले नसेल, तर ते काम एखाद्या मुक्या, भल्या माणसावर पडते आणि तो थकला की कोणाच्याही ध्यानात येत नाही. आपल्या मंडळांचा, वाचनालयांचा, मराठी शाळांचा अनुभव काही निराळा नाही. वर्गणीदार शंभर आणि किल्ली एकाकडे. त्या एकाची विचारपूस करणे, त्याच्या शेजारी दुसरा तयार करणे, हेच त्या वस्तूचे खरे रक्षण होय.

आता व्यवहाराचे चार शब्द. संगणकाची साफसफाई करताना अनोळखी नावाच्या सामायिक फायली पुसून टाकू नयेत. आपल्याला उपयोग दिसत नाही, याचा अर्थ उपयोग नाही असा होत नाही. अमुक डीएलएल नाही अशी सूचना आली, तर ती एकटी फाईल कोठून तरी अनोळखी ठिकाणाहून उतरवून घेऊ नये. वाटेवर सापडलेल्या भांड्यात कोणी स्वयंपाक करीत नाही. तो प्रोग्राम पुन्हा बसवावा, किंवा ज्या संचात ती फाईल येते तो संच मूळ निर्मात्याकडून घ्यावा. विंडोजच्या स्वतःच्या फायलींविषयी शंका असेल, तर ‘एसएफसी स्कॅननाऊ’ ही आज्ञा प्रणालीच्या फायली तपासून बिघडलेल्या जागी नीट प्रत ठेवते. आणि कार्यप्रणालीच्या सुधारणा वेळच्या वेळी घ्याव्यात, कारण सामायिक भांड्यांची कल्हई त्यांतूनच आपल्या घरी येते.

याहून महत्त्वाची एक विनंती आहे, आणि ती खास आपल्या जुन्या घरांना आहे. युनिकोड रुळण्याआधी मराठी टंकलेखनासाठी पुण्याच्या सी-डॅकची आयएसएम, मॉड्युलरची श्रीलिपी, बंगळूरची आकृती अशी साधने होती. त्यांनी मराठीची मोठी सेवा केली. आपल्यातल्या अनेकांच्या कुलवृत्तान्तांची आणि स्मरणिकांची पाने त्यांवरच जुळली. पण त्या काळच्या फाँटांची मांडणी ज्याची त्याची वेगळी होती. प्रत्येक घराने आपले तपेले वेगळ्या मापाचे घडविले होते म्हणा. तो फाँट नसलेल्या संगणकावर असा मजकूर उघडला, तर इंग्रजी अक्षरांचा निरर्थक कालवा दिसतो. आजच्या सामायिक लायब्रऱ्या युनिकोडचा मजकूर जुळवितात. त्या मजकुराला त्यांचा काही उपयोग होत नाही. कितीही चांगला जुळारी देवळात बसला असला, तरी तो आपल्या माळ्यावरच्या पेटीपर्यंत येत नाही.

तेव्हा ज्यांच्या घरी अशा जुन्या फायली असतील, त्यांनी त्या पाहाव्यात. तो फाँट ज्या संगणकावर अजून आहे, तो चालू आहे तोवर मजकूर युनिकोडमध्ये उतरवून घ्यावा. रूपांतर करणारी साधने आहेत. पण त्यांच्यावर सर्व भार न टाकता घरातल्या जाणत्या माणसाने एकदा ओळ न्‌ ओळ वाचावी. विशेषतः पापणीचा र तपासावा. तो रूपांतरात हमखास दगा देतो. छापलेली प्रत असेल तर ती शेजारी ठेवावी. आमच्या वहीचे काम या रीतीने तीन उन्हाळे चालले. आता तिच्या प्रती पाच घरांत आहेत, आणि त्या पाचही घरांतल्या वेगवेगळ्या यंत्रांवर आजोबांच्या दऱ्या दऱ्याच दिसतात.